अनुपस्थित ग्रंथाची पाठपरंपरा : लव्हक्राफ्टच्या ‘नेक्रोनोमिकॉन’चा विचार

१

एखादा ग्रंथ लुप्त झाला असे म्हणावयाचे, तर तो एके काळी होता हे आधी दाखवावे लागते. वाङ्मयाच्या इतिहासात लुप्त ग्रंथांना तोटा नाही. त्यांची नावे इतरांच्या उल्लेखांतून, त्यांची वाक्ये टीकाकारांच्या अवतरणांतून आणि त्यांची कथानके रूपांतरांतून अभ्यासकाच्या हाती येतात. परंतु ज्याला नाव आहे, कर्ता आहे, भाषांतरे आहेत, बंदीचे हुकूम आहेत, उरलेल्या प्रतींची यादीही आहे, आणि नाही तो केवळ ग्रंथ, अशी वस्तू विरळाच. अमेरिकन कथाकार हॉवर्ड फिलिप्स लव्हक्राफ्ट (१८९०–१९३७) याने कल्पिलेला ‘नेक्रोनोमिकॉन’ हा जारणमारणाचा व अमानुष देवतांचा ग्रंथ अशा वस्तूंपैकी होय.

या ग्रंथाकडे भयकथेतील एक साहित्य, म्हणजे पडक्या वाड्यासारखी किंवा करकरणाऱ्या दारासारखी एक सोय, म्हणून पाहण्याचा प्रघात आहे. तो अपुरा आहे. वाड्याची किंवा दाराची खरेखोटेपणाची चौकशी कोणी केली नाही. ‘नेक्रोनोमिकॉन’ मात्र ग्रंथालयांतून आणि पुस्तकविक्रेत्यांकडून वाचकांनी गंभीरपणे मागितला आहे. कल्पित वस्तूविषयी असा विश्वास का उत्पन्न व्हावा, हा प्रश्न केवळ भयकथेचा नाही. हस्तलिखितांच्या पुराव्यावर ज्यांचे शास्त्र उभे आहे, त्या सर्वांचा तो प्रश्न आहे. कारण लव्हक्राफ्टने भय निर्माण करण्यासाठी जी साधने वापरली, ती मांत्रिकाची नसून पाठचिकित्सकाची आहेत.

२

ग्रंथाची जडणघडण एकाच वेळी झालेली नाही. १९२१ साली प्रसिद्ध झालेल्या ‘द नेमलेस सिटी’ या कथेत अब्दुल अल्हझ्रेद नावाच्या वेड्या अरबाचे एक द्विपदीवजा वचन प्रथम येते. तेथे ग्रंथाचे नाव नाही. १९२२ मध्ये लिहिलेल्या व १९२४ मध्ये छापल्या गेलेल्या ‘द हाउंड’ या कथेत नाव येते आणि ते अल्हझ्रेदशी जोडले जाते. ‘द फेस्टिव्हल’ (१९२५) या कथेत त्यातील पहिला सलग उतारा येतो. ‘द कॉल ऑफ कथुल्हू’ (१९२८) या कथेत पूर्वीचे ते बेवारशी वचन याच ग्रंथातील ठरते. म्हणजे आधी अवतरण, मग नाव, मग संहितेचा तुकडा, आणि शेवटी अवतरणाचे मूळ स्थान, असा हा क्रम आहे. लुप्त ग्रंथ अभ्यासकाला बहुधा याच क्रमाने गवसत असतो.

१९२७ मध्ये लव्हक्राफ्टने या ग्रंथाचा एक संक्षिप्त इतिहास लिहिला. तो त्याच्या मृत्यूनंतर १९३८ मध्ये प्रसिद्ध झाला. त्याची भाषा कथेची नाही, सूचीकाराची आहे. उमय्यद खलिफांच्या काळी, इ.स. ७००च्या सुमारास, येमेनमधील सना येथे अल्हझ्रेद हा कवी होऊन गेला. बाबिलोनचे अवशेष व मेम्फिसची भुयारे पाहून आणि अरबस्तानच्या दक्षिणेकडील वाळवंटात दहा वर्षे एकांतात काढून तो दमास्कसला स्थिरावला. तेथे त्याने ‘अल् अझिफ’ हा ग्रंथ लिहिला. ७३८ मध्ये तो मरण पावला किंवा नाहीसा झाला. पुढे ९५० मध्ये कॉन्स्टँटिनोपल येथे थिओडोरस फिलेटास याने त्याचे ग्रीक भाषांतर करून त्याला ‘नेक्रोनोमिकॉन’ हे नाव दिले. १०५० मध्ये धर्माचार्य मायकेल याने ते जाळविले. १२२८ मध्ये ओलाउस वर्मिअस याने लॅटिन भाषांतर केले. १२३२ मध्ये पोप नववा ग्रेगरी याने ग्रीक व लॅटिन या दोहोंवर बंदी घातली. अरबी मूळ तोपर्यंत नष्टच झाले होते. लॅटिन पाठ पंधराव्या व सतराव्या शतकांत छापला गेला. जॉन डी या एलिझाबेथकालीन पंडिताने केलेले इंग्रजी भाषांतर कधी छापलेच गेले नाही. त्याचे तुकडे तेवढे उरले.

या इतिहासात खरे व कल्पित यांची वीण फार कौशल्याने घातलेली आहे. नववा ग्रेगरी हा १२२७ ते १२४१ या काळात खरोखरच पोप होता. कॉन्स्टँटिनोपलच्या धर्मपीठावर १०५० मध्ये मायकेल केरुलारिओस हाच होता. अल्हझ्रेदच्या मृत्यूची कथा ज्याच्या नावावर घातली आहे तो चरित्रकार इब्न खल्लिकान हाही खरा. मात्र तो बाराव्या नव्हे, तेराव्या शतकातला. उरलेल्या प्रती ब्रिटिश म्युझियम, पॅरिसचे राष्ट्रीय ग्रंथालय, हार्वर्डचे वायडनर ग्रंथालय आणि ब्युनॉस आयरिसचे विद्यापीठ येथे असल्याचे सांगितले आहे. या चार खऱ्या संस्थांच्या पंक्तीत मिस्काटॉनिक हे कल्पित विद्यापीठ निमूटपणे बसविले आहे.

त्याहूनही विचार करण्यासारखी गोष्ट म्हणजे या प्रवासाचा मार्ग. आठव्या शतकातील अरबी, मग कॉन्स्टँटिनोपलमधील ग्रीक, तेराव्या शतकातील लॅटिन, पंधराव्या शतकातील जर्मनीचे मुद्रण – हा मार्ग भारतीय अभ्यासकाला अपरिचित नाही. पंचतंत्र पहलवीमार्गे आठव्या शतकात इब्न अल्-मुकफ्फा याच्या अरबी ‘कलिला व दिम्ना’त गेले, अकराव्या शतकात सिमिऑन सेथ याने कॉन्स्टँटिनोपल येथे त्याचे ग्रीक रूपांतर केले, तेराव्या शतकात कापुआच्या योहानाने हिब्रूवरून ते लॅटिनमध्ये आणले, आणि १४८०च्या दशकात ते जर्मनीत छापले गेले. लव्हक्राफ्टने हे उदाहरण डोळ्यांपुढे ठेवले होते असे म्हणण्याचे कारण नाही. परंतु मध्ययुगात विद्या ज्या वाटेने पूर्वेकडून पश्चिमेकडे गेली, ती वाट त्याने अचूक उचलली आणि तिचा अर्थ उलटा केला, हे निश्चित. नीतिकथा, गणित, वैद्यक ज्या वाटेने गेले त्याच वाटेने त्याच्या जगात रोग जातो. अनुवादक हा तेथे विद्येचा वाहक नसून संसर्गाचा वाहक आहे. वेड्या अरबाची ही कल्पना लव्हक्राफ्टच्या सर्वश्रुत वंशद्वेषापासून वेगळी काढता येत नाही. रचनेचे कौतुक करताना ही गोष्ट दृष्टीआड करणे अप्रामाणिकपणाचे होईल.

३

भाषेच्या दृष्टीने पाहता या परंपरेतील जवळजवळ प्रत्येक नाव सदोष आहे. ‘अब्दुल’ या रूपात ‘अब्द’ म्हणजे सेवक आणि त्यापुढे ‘अल्’ हे निर्देशक उपपद असे दोन घटक आलेलेच आहेत. त्यापुढे ‘अल्हझ्रेद’ ठेवल्याने उपपदाची द्विरुक्ती होते. असे नाव अरबी धारण करू शकत नाही. ते लव्हक्राफ्टने वयाच्या पाचव्या वर्षी अरबी कथांच्या नादात स्वतःसाठी घेतले होते, एवढाच त्याचा इतिहास.

‘नेक्रोनोमिकॉन’ हे नाव स्वप्नात सुचले असे लव्हक्राफ्टने म्हटले आहे. त्याने त्याची फोड नेक्रोस (मृत), नोमोस (नियम), ऐकोन (प्रतिमा) अशी करून ‘मृतांच्या नियमाची प्रतिमा’ असा अर्थ लावला. ही लोकव्युत्पत्तीच्या जातीची फोड होय. नावाच्या शेवटचा भाग हा ‘प्रतिमा’ या अर्थाचे नाम नसून ग्रीकमधील विशेषणसाधक प्रत्ययाचे नपुंसकलिंगी रूप आहे. लव्हक्राफ्टच्या संहितांची चिकित्सक आवृत्ती सिद्ध करणारे आणि त्याचे चरित्रकार एस. टी. जोशी (जन्म १९५८, पुणे) यांनी हे दाखवून ‘मृतांविषयीचा ग्रंथ’ अशा आशयाचा साधा अर्थ सुचविला आहे. कर्त्याने स्वतःच्या शब्दाचा लावलेला अर्थ भाषेच्या नियमाने बाजूला सारावा लागतो, याचे हे चांगले उदाहरण आहे.

याला अपवाद ‘अल् अझिफ’ या मूळ नावाचा. हा शब्द खरा आहे. बेकफर्डच्या ‘व्हाथेक’ (१७८६) या कादंबरीला सॅम्युएल हेन्ली याने जोडलेल्या टिपांतून तो लव्हक्राफ्टला मिळाला. वाळवंटात रात्री ऐकू येणारा, जिनांचा म्हणून समजला जाणारा ध्वनी असा त्याचा अर्थ आहे. या नावाने ग्रंथाच्या स्वरूपावर जो प्रकाश पडतो तो ग्रीक नावाने पडत नाही. मूळ नाव लेखनाचे नाही, ध्वनीचे आहे. आणि तो ध्वनी मनुष्याचा नाही. ‘कथुल्हू’ या नावाविषयीही लव्हक्राफ्टचे म्हणणे असेच होते की, ज्या शब्दाचे उच्चारण मानवी मुखासाठी नाही त्याची मानवी अक्षरांत केलेली ती एक ओबडधोबड नोंद आहे. आपल्या शिक्षाग्रंथांच्या परिभाषेत सांगावयाचे तर, ज्याचे स्थान आणि प्रयत्न दोन्ही मनुष्यदेहात नाहीत, अशा वर्णांचे हे लिप्यंतर होय. मूळ ध्वनी, त्याची अरबी नोंद, तिचे ग्रीक भाषांतर, त्याचे लॅटिन, त्याचे खंडित इंग्रजी, अशी ही उतरंड आहे. आणि प्रत्येक पायरीवर काहीतरी गळते. वाचकाला शेवटच्या पायरीवर उभे करून वरचा अंधार दाखविणे, ही लव्हक्राफ्टची खरी युक्ती होय.

म्हणूनच नावांतील दोषांनी या ग्रंथाची प्रतिष्ठा कमी झाली नाही. उलट ‘अल्हझ्रेद’ हे एखाद्या शुद्ध अरबी नावाचे लेखकप्रमादाने बिघडलेले रूप असावे, अशी समर्थने पुढे निघाली. खऱ्या परंपरेत नकलनविसांच्या चुका हा प्राचीनतेचा पुरावा असतो. येथे लेखकाच्या अज्ञानालाच तो मान मिळाला. लॅटिन भाषांतरकाराचेही तसेच झाले. ओले वर्म (१५८८–१६५४) हा डेन्मार्कमधील खराखुरा वैद्य व रून शिलालेखांचा अभ्यासक. लव्हक्राफ्टने त्याला सुमारे चार शतके मागे ढकलले. एकशृंग अश्वाची म्हणून विकली जाणारी शिंगे वस्तुतः नारव्हाल या सागरी प्राण्याचे दात आहेत, हे सांगणारा हा विद्वान. कल्पित वस्तूंचे मूळ उघड करणाऱ्या माणसाच्या नावावर सर्वांत प्रसिद्ध कल्पित ग्रंथ जमा व्हावा, हा योगायोग बोलका आहे.

४

‘द डनिच हॉरर’ (१९२९) ही कथा या चर्चेत निर्णायक आहे. विल्बर व्हेटली या अर्धमानवाला आजोबांकडून डीच्या इंग्रजी भाषांतराची एक खंडित प्रत मिळालेली आहे. त्याला हवा असलेला मजकूर पूर्ण पाठात पृष्ठ ७५१ वर असावयाचा. त्याच्या प्रतीत तो नाही. म्हणून तो मिस्काटॉनिकच्या ग्रंथालयात येतो आणि लॅटिन प्रतीशी आपली प्रत ताडून पाहू लागतो. ग्रंथपाल आर्मिटेज त्याच्या खांद्यावरून लॅटिन मजकूर वाचतो, संकट ओळखतो, ग्रंथ घरी नेऊ देत नाही, आणि हार्वर्डच्या ग्रंथपालालाही सावध करतो. पुढे विल्बर चोरीच्या प्रयत्नात मरतो. त्याची सांकेतिक लिपीतील रोजनिशी आर्मिटेज अनेक रात्री जागून उलगडतो, आणि ती भाषा अखेर इंग्रजीच निघते. जगाचा नाश करू पाहणारा आणि जगाला वाचविणारा हे दोघेही येथे एकच काम करीत आहेत : एक प्रती ताडून पाहतो आहे, दुसरा लिपी वाचतो आहे. पाठचिकित्सेला इतके मोठे मोल देणारी दुसरी भयकथा सहसा आढळणार नाही.

परंतु नेमके याच ठिकाणी कल्पित परंपरेचे मर्म उघडे पडते. दोन प्रती एका टेबलावर शेजारी ठेवल्या गेल्या. वाचकाला मात्र एकही पाठभेद दिसत नाही. लॅटिनमधील उतारा दिला आहे. डीचा पाठ दिलेला नाही. दोहोंमध्ये भेद सांगितला आहे तो एवढाच की, एकात मजकूर आहे आणि दुसऱ्यात तो नाही. साडेसातशेहून अधिक पृष्ठांच्या या ग्रंथातील जेवढा मजकूर लव्हक्राफ्टच्या कथांतून प्रत्यक्ष येतो तो दोन-तीन छापील पानांत मावेल. आणि त्यातील एकाही वाक्याचे दोन पाठ उपलब्ध नाहीत.

याच्या शेजारी गुणाढ्याची ‘बृहत्कथा’ ठेवून पाहावी. तिच्याही जन्मकथेत चमत्कार आहेत. शंकराने पार्वतीला सांगितलेली कथा चोरून ऐकल्यामुळे मिळालेला शाप, पिशाचांची भाषा, शाईऐवजी स्वतःच्या रक्ताने लिहिलेले सात लक्ष श्लोक, प्रतिष्ठानच्या सातवाहन राजाने केलेला अव्हेर, आणि मग पशुपक्ष्यांना ऐकवीत एकेक पान अग्नीत टाकणारा गुणाढ्य, ही सर्व कथा सोमदेवाने ‘कथासरित्सागरा’त सांगितली आहे. सहा लक्ष श्लोक जळाले, एक लक्ष उरले. आणि पुढे तेही लुप्त झाले. ‘नेक्रोनोमिकॉन’चा इतिहास विश्वसनीय आणि ग्रंथ कल्पित, ‘बृहत्कथे’चा इतिहास अविश्वसनीय आणि ग्रंथ खरा. मग तो खरा होता हे कशावरून ठरते?

जन्मकथेवरून ते ठरत नाही. साक्षीदारांच्या मतभेदावरून ठरते. अकराव्या शतकातील काश्मिरी रूपांतरकार क्षेमेंद्र व सोमदेव यांच्या ग्रंथांत पंचतंत्र आणि वेतालकथा अंतर्भूत आहेत. नेपाळात सापडलेल्या बुधस्वामीच्या ‘बृहत्कथाश्लोकसंग्रहा’त त्या नाहीत. नरवाहनदत्ताची प्रिया सोमदेवाकडे मदनमंचुका आहे, बुधस्वामीकडे मदनमंजुका. सोमदेव तिची माता कलिंगसेना हिला राजकन्या करतो. बुधस्वामी तिला गणिका म्हणतो. आणि संघदासगणींच्या ‘वसुदेवहिंडी’ या जैन महाराष्ट्री ग्रंथातही कलिंगसेना गणिकाच आहे. परस्परांपासून दूर असलेल्या दोन साक्षी जुळल्या, तिसरी वेगळी पडली. आणि ती का वेगळी पडली असावी याचे कारणही सांगता आले. फेलिक्स लाकोत याने १९०८ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासाचा पाया काश्मिरी व नेपाळी रूपांतरांतील असाच मतभेद हा होता. ज्याचे एकही पान कोणी पाहिलेले नाही अशा ग्रंथातील एका पात्राची जात-वृत्ती सांगता येते, याचे श्रेय या मतभेदाला आहे.

यावरून जो निकष निघतो तो असा : खऱ्या लुप्त ग्रंथाचे साक्षीदार एकाच गोष्टीविषयी भांडतात, कल्पित ग्रंथाचे साक्षीदार एकमेकांच्या साक्षीला केवळ दुजोरा देतात किंवा मौन पाळतात. भाषांतरे, बंद्या, होळ्या, अपूर्ण प्रती हा सारा परंपरेचा सांगाडा आहे. पाठभेद हा तिचा श्वास आहे. लव्हक्राफ्टने सांगाडा हाडन्‌हाड खरा बनविला. श्वास मात्र त्याला देता येण्यासारखा नव्हता, कारण त्यासाठी ग्रंथच लिहावा लागला असता. आणि तो लिहिल्यास आजवर त्याच्या उल्लेखांनी शहारलेले वाचक निराश होतील, हे त्याने १९३६ मधील एका पत्रात ओळखून ठेवले होते.

५

त्याचे हे भाकीत पुढील काळात खरे ठरले. हयातीत त्याच्या मित्रांनी संयम पाळला : क्लार्क अ‍ॅश्टन स्मिथने एबॉनचा ग्रंथ, रॉबर्ट हॉवर्डने फॉन युंट्सचा कृष्णग्रंथ, रॉबर्ट ब्लॉकने लुडविग प्रिन याचा ग्रंथ कल्पिला, आणि सर्वांनी परस्परांचे उल्लेख करून या कल्पित ग्रंथालयाला संदर्भांचे जाळे दिले. फॉन युंट्सच्या ग्रंथाला ऑगस्ट डर्लेथने सुचविलेले जर्मन नाव विभक्तीच्या दृष्टीने चुकले, तेही कोणी दुरुस्त केले नाही. परंतु १९७३ नंतर प्रत्यक्ष ‘नेक्रोनोमिकॉन’ छापले जाऊ लागले. एल. स्प्रेग द कँप याने त्या वर्षी काढलेली आवृत्ती सर्वांत प्रामाणिक म्हणावी लागेल, कारण तिच्यात कोणालाही न वाचता येणारी बनावट लिपीच होती. १९७७ मध्ये ‘सायमन’ या टोपणनावाने निघालेल्या ग्रंथात मेसोपोटेमियाच्या देवतांचे विधी आले. १९७८ मध्ये जॉर्ज हे याने संपादिलेल्या आवृत्तीत आणखी निराळा मजकूर आला.

यांच्यात मतभेद विपुल आहेत. मग वरील निकषाने हा ग्रंथ खरा ठरावा काय? नाही. कलिंगसेना राजकन्या की गणिका, या वादात कलिंगसेना दोन्ही पक्षांना मान्य आहे. या आवृत्तींना समान असे एक वाक्यही नाही; त्यांच्यात समान आहे ते केवळ मुखपृष्ठावरील नाव. समान पायावाचून असलेला भेद हा पाठभेद नव्हे, ती वेगवेगळी पुस्तके होत. जेथे मजकूर पुरविला गेला तेथे भयही उरले नाही.

तथापि ग्रंथाला जी परंपरा लाभली नाही ती या विश्वातील एका नावाला लाभली. अँब्रोज बिअर्सच्या १८९१ मधील कथेत ‘हॅस्टर’ हा धनगरांचा सौम्य देव आहे. रॉबर्ट चेंबर्सच्या ‘द किंग इन यलो’ (१८९५) या संग्रहात ते नाव कधी स्थळाचे, कधी व्यक्तीचे होते. लव्हक्राफ्ट १९३१ मधील एका कथेत ते नुसते यादीत टाकतो. डर्लेथ त्याला विनाशक देवता बनवितो. स्टीफन किंगच्या ‘ग्रामा’ (१९८४) या कथेत मंत्रतंत्र करणारी वृद्धा त्याच नावाने आवाहन करते. आणि मराठी भयकथेचे अग्रणी नारायण धारप (१९२५–२००८) यांच्या कथेचे ऋण असलेल्या ‘तुंबाड’ (२०१८) या हिंदी चित्रपटात हस्तर हा समृद्धीच्या देवतेचा लोभी पुत्र होऊन कोकणच्या पावसात येऊन बसतो. त्याची पूजा कधी होऊ नये, या अटीवरच तो वाचलेला आहे. येथे नाव समान आहे, ते उच्चारात थोडे बदलले आहे, अर्थ प्रत्येक ठिकाणी निराळा आहे, आणि प्रत्येक बदलाची पायरी दाखविता येते. ही खरी परंपरा होय. धनगरांच्या देवापासून धान्यसोन्याच्या लोभापर्यंत एक शब्द चालत आला, त्याला कोणी धर्माचार्य मध्ये आणावा लागला नाही.

‘नेक्रोनोमिकॉन’चे महत्त्व म्हणून दुहेरी आहे. वाङ्मय म्हणून पाहता, न लिहिलेल्या ग्रंथाचा धाक लिहिलेल्या ग्रंथापेक्षा अधिक कसा ठेवावा याचा तो वस्तुपाठ आहे. शास्त्राच्या दृष्टीने तो एक इशारा आहे. ग्रंथकर्त्याचे नाव, शक, भाषांतरांची मालिका आणि ग्रंथालयांची यादी यांवर विसंबून ग्रंथाचे अस्तित्व मान्य करणाऱ्या अभ्यासकाला लव्हक्राफ्टने आधीच फसवून ठेवले आहे. जुन्या पोथ्यांच्या याद्यांत केवळ नामोल्लेखाने जगणारे ग्रंथ आपल्याकडेही थोडे नाहीत. त्यांच्याविषयी विचारावयाचा पहिला प्रश्न ‘याचा उल्लेख कोठे आहे’ हा नसून ‘याच्या कोणत्या वाक्याविषयी दोन साक्षीदार भांडतात’ हा असला पाहिजे.